एकटे मूल आणि त्याने रचलेले जग: पालकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पालकसभा संपून वर्ग रिकामा झाला की एखादी आई किंवा एखादे आजोबा मागे रेंगाळतात आणि आवाज खाली आणून विचारतात, "बाई, आमची ही एकटीच कोणाशी तरी बोलत बसते. काही वावगे तर नाही ना?" प्राथमिक शाळेत शिकवताना हा प्रश्न इतक्या वेगवेगळ्या रूपांत समोर आला की त्याची उत्तरे एकदा नीट लिहून ठेवावीत असे वाटले. मी डॉक्टर नाही, शिक्षिका आहे. जिथे डॉक्टरांकडे जायला हवे तिथे तसे स्पष्ट सांगितले आहे. या उत्तरांमध्ये दोन माणसांची बालपणे वारंवार येतील. एक मुंबईत जन्मलेला इंग्रज लेखक रुडयार्ड किपलिंग, दुसरे कोलकात्याच्या जोडासांको वाड्यातले रवींद्रनाथ. दोघांनीही उतारवयात आपल्या लहानपणातले एकटेपण बारीकसारीक तपशिलांसह लिहून ठेवले आहे, आणि एकटे मूल आतून कसे दिसते हे समजून घ्यायला त्याहून चांगली साधने मला ठाऊक नाहीत.

आमच्या घरात सात माणसे आहेत. तरी मूल एकटे कसे पडेल?

एकटे असणे आणि एकटे वाटणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. अमेरिकन समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट वाइस यांनी १९७३ साली एकटेपणाचे दोन प्रकार सांगितले: एकात बरोबरीच्या सवंगड्यांचा गोतावळा नसतो, आणि दुसऱ्यात जीव लावणारे हक्काचे एक माणूस नसते. पहिल्याची भर दुसऱ्याने घालता येत नाही. त्यामुळे सोसायटीच्या आवारात दहा मुलांत खेळणारे मूलही घरी परतल्यावर एकटे असू शकते, आणि आजीच्या पदराला धरून राहणाऱ्या मुलाला खेळायला कोणी नाही याचे दुःख असू शकते.

रवींद्रनाथ चौदावे अपत्य. वाडा माणसांनी, नोकरचाकरांनी, गाण्याबजावण्याने भरलेला. तरीही त्यांचे लहानपण नोकरांच्या ताब्यात गेले. श्याम नावाचा नोकर त्यांना एका जागी बसवून भोवती खडूने रिंगण आखत असे आणि या रेषेबाहेर पाऊल टाकलेस तर संकट ओढवेल असे गंभीर चेहऱ्याने बजावून निघून जात असे. लक्ष्मणरेषा ओलांडल्यावर सीतेचे काय झाले हे या मुलाने ऐकलेले होते, त्यामुळे ते रिंगण त्याला खरोखर ओलांडता आले नाही. खिडकीतून दिसणारे तळे, काठावरचा वड आणि आंघोळीला येणारी माणसे पाहत तो दिवसभर तिथेच बसून राही. श्यामला काही मिनिटांचे कष्टसुद्धा पडले नाहीत. राखणीचे सगळे काम मुलाच्या कल्पनेनेच केले.

पाच-सहा वर्षांच्या मुलाला एकटेपणा कळतो तरी का?

कळतो. बालवाडी-पहिलीतल्या मुलांना विचारून केलेला एक अभ्यास १९९२ साली प्रसिद्ध झाला. त्यातल्या बहुतेक मुलांना, खेळायला कोणी नसणे आणि त्यामुळे वाईट वाटणे, असा दोन्ही अंगांनी एकटेपणाचा अर्थ सांगता आला. आपल्याकडची मुले मात्र "मला एकटे वाटते" असे म्हणत नाहीत. ती "कंटाळा आला" म्हणतात, "पोटात दुखते" म्हणतात, किंवा तुम्ही फोनवर बोलत असताना नेमकी येऊन पायाला बिलगतात.

माझी मुलगी एका अदृश्य मैत्रिणीशी बोलते. हा आजार आहे का?

नाही. ऑरेगन विद्यापीठातील मानसशास्त्रज्ञ मार्जोरी टेलर यांनी काल्पनिक सवंगड्यांचा अनेक वर्षे अभ्यास केला. टेलर आणि सहकाऱ्यांच्या २००४ सालच्या अभ्यासात असे आढळले की सात वर्षांपर्यंतच्या सुमारे ६५ टक्के मुलांना कधी ना कधी असा सवंगडी लाभलेला होता. या आकड्यात निव्वळ अदृश्य मित्रांबरोबर ज्यांना मुलांनी नाव, स्वभाव आणि आवाज दिला आहे अशा बाहुल्या आणि भुभूसुद्धा धरलेले आहेत. म्हणजे ही गोष्ट अपवादात्मक नाही.

टेलर यांचे आणखी एक निरीक्षण मला फार मोलाचे वाटते. मित्राविषयी तपशीलवार प्रश्न विचारणाऱ्या संशोधकाला मध्येच थांबवून काही मुले समजावतात की तो खराखुरा नाही बरे, लुटुपुटीचा आहे. समोरचे मोठे माणूस गोंधळले असावे अशी त्यांना शंका येते.

मग ही मुले एकटी असतात म्हणूनच असा मित्र तयार करतात का?

काही अंशी. पहिल्या आणि एकुलत्या एक मुलांत असे सवंगडी अधिक आढळतात, कारण त्यांच्या वाट्याला मोकळा वेळ आणि रिकामी खोली अधिक येते. परंतु अशी मुले इतरांपेक्षा लाजाळू किंवा माणूसघाणी असतात हा समज अभ्यासांत टिकलेला नाही. अदृश्य मित्र दिसला की "बिचाऱ्याला कोणी नाही" असा निष्कर्ष काढण्याची घाई नको.

खटकणारी गोष्ट निराळीच आहे आणि पालक ती दबक्या आवाजात सांगतात: हा मित्र ऐकत नाही. तो हाक मारली तरी येत नाही, नको तेव्हा येतो, जागा अडवतो, रुसतो, क्वचित घाबरवतोसुद्धा. टेलर यांनी २००७ साली याच प्रश्नावर स्वतंत्र लेखन केले आहे. स्वतः घडवलेली वस्तू आपल्या मर्जीबाहेर वागू लागते हा अनुभव कादंबरीकारांना परिचयाचा असतो आणि ते तो कौतुकाने सांगतात. चार वर्षांच्या मुलाला तोच अनुभव आला तर ते कोणाला सांगणार?

मुलाला ठाऊक आहे की हे खोटे आहे, मग ते घाबरते कशाला?

हा या पानावरचा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे.

ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ पॉल हॅरिस आणि सहकाऱ्यांनी १९९१ साली एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. चार ते सहा वर्षांच्या मुलांना रिकामे खोके दाखवले आणि त्यात एखादा प्राणी आहे अशी कल्पना करायला सांगितले. काहींना सशाची, काहींना राक्षसाची. खोक्यात खरोखर काही नाही हे मुलांनी ठामपणे सांगितले. त्यानंतर संशोधक खोलीबाहेर जायला निघाला, तेव्हा राक्षसाची कल्पना केलेली काही लहान मुले इतकी बावरली की त्यांनी त्याला जाऊच दिले नाही. इतर मुले एकटी राहिल्यावर खोक्याजवळ गेली, आणि पुढे विचारल्यावर त्यांतील काहींनी कबूल केले की आत खरेच काही असेल की काय असे मनात आले होते.

यात मुलांचे ज्ञान कमी पडले नाही. खोके तेच होते, माहितीही तीच होती. बदलले ते एवढेच की सोबतचे माणूस दाराकडे वळले. कल्पना सोबतीत असताना खेळ असते आणि सोबत उठून गेली की तिचे वजन वाढते. म्हणून "भूतबीत काही नसते, झोप" हे वाक्य दारातून म्हणून दिवा मालवणाऱ्या वडिलांचे म्हणणे शंभर टक्के खरे असूनही निरुपयोगी ठरते.

आपणही यातून पूर्ण सुटलेलो नसतो. गावाकडे तिन्हीसांजेला पिंपळाखालून जाताना मुंजावर विश्वास नसलेला माणूसही पाऊल जरा भराभर उचलतो. माझ्या लहानपणी दारामागच्या खुंटीवर वडिलांचा रेनकोट टांगलेला असे. टोपी वर, बाह्या दोन बाजूंना, खाली पाण्याचे ओघळ. तो रेनकोट आहे हे मला दिवसा माहीत होते आणि रात्रीही माहीत होते. रात्री फक्त एवढेच होई की मी झोपले की नाही हे त्यालाही माहीत आहे असे वाटे.

रात्री मूल किंचाळून उठते, डोळे उघडे असतात, पण आम्हाला ओळखत नाही. ही कल्पनेचीच करामत आहे का?

बहुधा नाही. झोप लागल्यावर साधारण पहिल्या एक-तृतीयांश काळात, गाढ झोपेत असताना मूल असे दचकून ओरडते, घामाघूम होते, आणि सकाळी त्याला काहीच आठवत नाही. हा निद्रात्रास आहे आणि वयाबरोबर तो सहसा ओसरतो. त्या वेळी हलवून जागे करू नये, इजा होणार नाही एवढे पाहून शेजारी बसावे. भीतिदायक स्वप्न पहाटेकडे पडते, त्यातून मूल पूर्ण जागे होते, तुम्हाला बिलगते आणि स्वप्न सांगू शकते. दोन्हींना एकच औषध लावले की गोंधळ होतो. स्वप्न पडलेल्या मुलाला ऐकून घेणारे माणूस हवे असते, तर निद्रात्रास झालेल्या मुलाला सकाळी खोदून विचारले की नसलेली भीती तयार होते.

भीती घालवण्यासाठी नेमके काय करावे?

किपलिंगच्या मुंबईतल्या आठवणींत याची दोन उत्तम उदाहरणे आहेत. त्याचा जन्म ३० डिसेंबर १८६५ चा. वडील जॉन लॉकवुड किपलिंग मुंबईच्या कलाशाळेत, म्हणजे आजच्या जे. जे. मध्ये शिकवत. मुलांच्या खोलीच्या भिंतीवर पेंढा भरलेले बिबट्याचे मुंडके टांगलेले होते. तू झोपतोस की नाही हे पाहायलाच ते तिथे ठेवले आहे, असे आयाने त्याला सांगून ठेवले. आयाची माया खरी होती, युक्ती मात्र आळशी. पुढे मीता नावाच्या गड्याने त्याच मुंडक्याचा उल्लेख "कुठल्याशा जनावराचे डोके" असा तुच्छतेने केला, आणि मुलाच्या मनावरचे ओझे उतरले. मीताने भीती खोडून काढली नाही, समजूतही घातली नाही. त्याच्या लेखी ती वस्तू क्षुल्लक होती आणि मुलाने तो सूर उचलला. मुले आपल्या शब्दांपेक्षा आपला सूर ऐकतात.

दुसरा प्रसंग कलाशाळेच्या वाटेवरचा. लहान रुडयार्ड एकटाच निघाला असताना, त्याच्याच शब्दांत सांगायचे तर, फूटभर खोल अशा एका प्रचंड दरीच्या कडेला त्याच्याएवढ्या पंखवाल्या राक्षसाने त्याच्यावर हल्ला केला आणि तो रडत पळाला. ती कोंबडी होती. वडिलांनी त्याला हसून वाटेला लावले नाही; त्या शोकांतिकेचे चित्र काढले आणि खाली पाच ओळींचे गमतीदार यमक जुळवून दिले. त्यानंतर आपले कोंबड्यांविषयीचे मत कायम चांगले राहिले, असे तो लिहितो. चित्र काढता येत नसेल तरी हरकत नाही. मुलाला काढायला सांगा, त्या राक्षसाला नाव विचारा, त्याला जेवणात काय आवडते ते विचारा. भीती कागदावर आली की तिला आकार येतो आणि आकार आला की ती फ्रीजवर चिकटवता येते.

बागुलबुवाची भीती दाखवावी का? आम्हालाही दाखवली होती आणि आमचे काही बिघडले नाही.

दाखवू नये. घास संपेल, झोपही लागेल, पण श्यामच्या खडूसारखा तो बागुलबुवा तुम्ही खोलीबाहेर गेल्यावर आतच राहील आणि त्याला परत बोलावण्याची किल्ली तुमच्याकडे नसेल.

गोष्टीतला राक्षस मात्र वेगळा. कुशीत बसून ऐकलेली हडळीची किंवा वेताळाची गोष्ट मुले पुन्हा पुन्हा मागतात, कारण तिथे भीतीला सुरुवात आणि शेवट असतो आणि शेवटी पुस्तक मिटता येते. अशा गोष्टी बंद करण्याच्या मी विरोधात आहे.

मूल तासन्तास एका कोपऱ्यात स्वतःशी खेळते. त्याला उठवावे का?

आधी तो कोपरा पाहा. १८७१ साली, सहा वर्षेही पूर्ण झाली नव्हती तेव्हा, किपलिंगला आणि त्याच्या धाकट्या बहिणीला इंग्लंडमध्ये साउथसी येथे एका अनोळखी कुटुंबात पैसे देऊन ठेवण्यात आले आणि आईवडील मुंबईला परतले. हिंदुस्थानातल्या इंग्रज कुटुंबांत तेव्हा ही रीतच होती. त्या घरातल्या बाईने त्याचा छळ केला. शिक्षा म्हणून ज्या ओल्या, कुबट तळघरात त्याला एकटे ठेवले जाई तिथेच त्याने आपले जग मांडले: तांबड्या दोरीत ओवलेली नारळाची करवंटी, एक पत्र्याची ट्रंक आणि बाकीचे जग बाहेर ठेवण्यासाठी खोक्याची एक फळी. फळीच्या आतले सारे खरे. फळी पडली की सगळी जादू पुन्हा पहिल्यापासून सुरू करावी लागे. वडिलांनी पाठवलेले रॉबिन्सन क्रूसोचे पुस्तक त्या खेळाच्या मुळाशी होते. गंमत अशी की जोडासांकोच्या व्हरांड्यात पडून असलेल्या आजीच्या जुन्या पालखीत लपून बसणारे रवींद्रनाथही स्वतःला क्रूसोच समजत. ती पालखी म्हणजे त्यांचे समुद्रातले बेट.

खडूचे रिंगण दुसऱ्याने आखले होते आणि फळी मुलाने स्वतः उभी केली होती. तुमचे मूल कोपऱ्यात आहे ते कोणी बसवले म्हणून की त्याने स्वतः मांडामांड केली म्हणून, एवढे आधी पाहावे. दुसरा प्रकार असेल तर भातुकली विस्कटू नये, जेवायला हाक मारायची तर "तुझ्या बेटावर होडी पाठवू का?" असे विचारून पाहावे. हाकेला ओ देऊन, थोडे रेंगाळत का होईना, जे मूल परत येते त्याची काळजी नसावी.

आणि खेळाकडे कानाडोळा करू नये, कारण त्यात आपलीच वर्तणूक दिसते. रवींद्रनाथ व्हरांड्याच्या गजांना विद्यार्थी समजून छडीने बडवून काढत. शिक्षकांकडून विद्येच्या आधी त्यांचा संताप आणि पक्षपात आपण किती सहज उचलला, हे त्यांनी मोठेपणी लिहिले. शिक्षिका म्हणून हा उतारा मला दरवर्षी जूनमध्ये आठवतो.

कल्पना आणि खोटे बोलणे यांत फरक कसा करावा?

"काल आमच्या गच्चीवर हत्ती आला होता" यात फायदा कोणाचाच नाही. ती गोष्ट आहे, पुढे विचारा. "गृहपाठाची वही हरवली" यात बचाव आहे, आणि बचाव असेल तिथे मूल कशाला भ्याले ते शोधावे. साउथसीच्या बाईने हा शोध घेतला नाही. वाईट गुणांचे प्रगतिपत्रक फेकून ते मिळालेच नाही असे सांगणाऱ्या मुलाला मार मिळाला आणि पाठीवर "खोटारडा" अशी पाटी लावून त्याला रस्त्यातून शाळेत पाठवण्यात आले.

आमचे मूल काहीच सांगत नाही. विचारले तर "काही नाही" म्हणते.

मोठेपणी किपलिंगची लाडकी मावशी त्याला वारंवार विचारत असे की हे सगळे तू तेव्हा कोणालाच का सांगितले नाहीस. त्याचे उत्तर असे की मुले मुक्या जनावरांपेक्षा फारसे अधिक सांगत नाहीत. जे वाट्याला येते ते कायमचे ठरलेलेच आहे असे ती धरून चालतात. सहा वर्षांनी आई परत आली आणि रात्री पापा घ्यायला वाकली, तेव्हा थोबाडीत बसणार या सवयीने त्या मुलाने हात आडवा धरला. जे सहा वर्षांत शब्दांत आले नव्हते ते आईला त्या हातातून कळले.

तेव्हा प्रश्न कमी विचारा आणि हात, झोप, भूक यांकडे पाहा. शेंगा सोलताना, स्कूटरवर मागे बसलेले असताना, म्हणजे नजरेला नजर नसताना मुले अधिक बोलतात.

आणि मुलाने विचारलेला प्रश्न "तुला काय करायचे आहे?" म्हणून मिटवू नका. किपलिंगच्या मुंबईच्या घराजवळ पारशांचे दोखमे, म्हणजे प्रेते गिधाडांसाठी उघड्यावर ठेवण्याचे बुरूज, होते. एकदा बागेत लहान मुलाचा हात पडलेला सापडला. आईने त्याविषयी काही विचारायचे नाही असे बजावले. मुलाला अर्थातच तो हात पाहायचा होता. शेवटी खरे काय ते आयाने सांगितले. घरात कोणीच सांगितले नसते तर रिकामी जागा कल्पनेने भरली असती, आणि कल्पना अशा जागा सौम्यपणे भरत नाही.

डॉक्टरांकडे कधी जावे?

पुढील गोष्टी दिसल्या तर थांबू नये: काल्पनिक मित्र स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करायला सांगतो, मुलाला खेळ आणि वास्तव यांतला फरक शांत वेळीही सांगता येत नाही, खेळ थांबवता येत नाही याचा त्यालाच त्रास होतो, झोप, जेवण, शाळा किंवा खऱ्या मित्रांबरोबरचे खेळणे सुटत चालले आहे, चांगले बोलणारे मूल एकाएकी गप्प झाले आहे. शेवटच्या बाबतीत कोणी त्रास देत आहे का, याचा विचार सर्वांत आधी करावा.

मानसोपचारतज्ज्ञाकडे जाताना वाटेत डोळे आणि कानही तपासून घ्यावेत. किपलिंगला साउथसीच्या शेवटच्या काळात सावल्या आणि नसलेल्या वस्तू दिसू लागल्या. घरात ते नाटक ठरले आणि शिक्षा म्हणून त्याला बहिणीपासूनही दूर ठेवले गेले. त्याची दृष्टी फारच अधू झालेली होती.

केंद्र सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्याची मदतवाहिनी १४४१६ या क्रमांकावर आहे आणि संकटातल्या मुलांसाठी १०९८ हा क्रमांक आहे, दोन्ही विनामूल्य.

घरचे म्हणतात, बाहेरची बाधा आहे, दृष्ट काढा.

आजीने मीठमोहऱ्या उतरवल्या आणि पाठीवरून हात फिरवला, तर त्यातला हात निश्चित उपयोगी पडतो. पण मुलासमोर "बाहेरचे काही लागले आहे" असे बोलू नये; ते वाक्य बिबट्याच्या मुंडक्यासारखे भिंतीवर लटकत राहते. मांत्रिकाकडे तर नेऊच नये. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणे हा महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे.

आम्ही परदेशात राहतो. मुलगा अदृश्य मित्राशी मराठीत बोलतो, आमच्याशी मात्र इंग्रजीत. असे का?

लहान किपलिंगचेही काहीसे असेच होते. आया आणि मीता यांच्याकडून गोष्टी ऐकून झाल्यावर त्याला "आता आईबाबांशी इंग्रजीत बोल" असे बजावून जेवणघरात पाठवत, आणि तो ज्या देशी बोलीत विचार करी, स्वप्ने पाही तिच्यातून अडखळत भाषांतर करी. ज्या भाषेत गोष्टी ऐकल्या त्या भाषेत सवंगडी भेटतो. तुमच्याकडे त्या गोष्टी बहुधा व्हिडिओ कॉलवर आजी सांगत असेल. कॉलची वेळ मोडू नका.

मोबाइल दिला की मूल शांत बसते. मग अडचण काय?

शांत बसते हे खरे आहे. फक्त तिथे फळी दुसऱ्याने उभी केलेली असते, आणि तिच्या आत मुलाला करण्यासारखे फारसे काही नसते.

तो मित्र किती दिवस राहील? गेल्यावर काय सांगावे?

काही महिने, कधी काही वर्षे. शाळा रुळली, शेजारी बरोबरीचे कोणी राहायला आले, की तो बहुतेक वेळा निरोप न घेताच जातो. तुम्हीच आठ दिवसांनी जेवताना विचारता, "अगं, तुझी ती चिंगी कुठे दिसत नाही?" आणि मुलगी आमटीत पोळी कुस्करता कुस्करता सांगते की ती मामाच्या गावाला गेली. कधी येणार, असे विचारू नका. "बरे झाले, तिथे आंबे असतील," एवढे म्हणून वाढायला घ्यावे.